झळ आणि झळाळी

प्रकाशाचे वर्णन करणाऱ्या शब्दांच्या बाबतीत आपली मराठी भाषा मोठी धनवान आहे. परंतु धन नुसते पेटीत असून भागत नाही, ते व्यवहारात फिरावे लागते. महाराष्ट्राबाहेर, आपल्या या हैदराबाद नगरीत वाढणाऱ्या मुलांचे बोलणे आम्ही लक्षपूर्वक ऐकतो तेव्हा असे आढळते की सूर्य, समई, मोती, घासलेले तांब्याचे भांडे आणि पावसात भिजलेले पान या सर्वांविषयी ती 'चमकते' एवढे एकच क्रियापद वापरतात. हा मुलांचा दोष नव्हे. घरात जे शब्द वडीलधारी माणसे उच्चारतात, तेवढेच शब्द मुलांच्या तोंडी बसतात. म्हणून प्रस्तुत पाठात आम्ही 'झळाळी' हा एकच शब्द घेऊन त्याचे कूळ, त्याचे सोयरे आणि त्याचे उपयोग यांचा विचार करणार आहोत.

१. शब्दाचे कूळ

झळ, झळा, झळकणे, झळाळणे, झळाळी, झळझळीत हे सर्व एका घरचे शब्द होत. यांतील सर्वांत लहान शब्द 'झळ'. गंमत अशी की झळाळी डोळ्यांना दिसते, पण झळ मात्र अंगाला लागते. एकाच घरात प्रकाश आणि उष्णता एकत्र नांदत आहेत.

उष्णता सांगणारे शब्दही मराठीत पुष्कळ आहेत आणि त्यांत सूक्ष्म भेद आहेत. 'जाळ' म्हणजे दिसणारी ज्वाळा. संस्कृत 'ज्वाला' शब्दाचेच ते घरगुती रूप. 'आच' म्हणजे भांड्याला खालून मिळणारी उष्णता. ती मंद किंवा प्रखर ठेवता येते. 'धग' निखाऱ्यांतून निघते आणि सतत जाणवते. 'ऊब' सुखाची असते. 'चटका' स्पर्शाने बसतो. 'झळ' या सर्वांहून निराळी. ती लाटेसारखी येते, तोंडाला लागते आणि निघून जाते. चुलीतील जाळ वाऱ्याने एकदम बाहेर आला म्हणजे लागते ती झळ. वैशाखात दुपारी दार उघडताच अंगावर येते तीही झळच. सारांश, 'झळ' या शब्दात गती आहे.

तीच गती 'झळाळी'त उतरली आहे. स्थिर, सपाट प्रकाशाला आपण झळाळी म्हणत नाही. ज्या तेजात काही हलल्याचा, उसळल्याचा भास होतो, ते झळाळते. या दोन अर्थांचा सांधा पाहावयाचा असेल तर उन्हाळ्यात लांबच लांब डांबरी रस्त्याकडे किंवा आपल्या दख्खनच्या उघड्या खडकांकडे पाहावे. जमिनीलगतची हवा तापून विरळ होते, वरची हवा त्या मानाने दाट राहते. या दोन थरांतून जाताना प्रकाशाचे किरण वाकतात आणि पलीकडचे सारे दृश्य थरथरू लागते. त्यालाच आपण 'उन्हाच्या झळा' म्हणतो, आणि त्याच क्रियेने पाण्याचा भास झाला की 'मृगजळ' म्हणतो. तेथे उष्णता जणू डोळ्यांना दिसते.

आणखी एक गोष्ट ध्यानात घ्यावी. हिंदीत 'झलकना' आणि 'झलक' असे शब्द आहेत. हिंदीतील 'ल' अनेक ठिकाणी मराठीत 'ळ' होऊन येतो: फल–फळ, बल–बळ, काल–काळ. त्याच नियमाने 'झलकना' आणि 'झळकणे' हे भाऊ ठरतात. पुढे 'झलक' हा शब्द ओझरते दर्शन या अर्थाने मराठीनेही उचलला. म्हणून आज आपल्याकडे दोन्ही आहेत. क्षणभर दिसते ती झलक, आणि तेजाने उठून दिसते ते झळकते.

२. सोयरे शब्द

आता झळाळीचे सोयरे पाहू. वीज 'चमकते', कारण तिचे दिसणे अकस्मात व क्षणिक आहे. म्हणूनच माणूस दचकला तर तो 'चमकला' असेही आपण म्हणतो. घासूनपुसून ठेवलेली वस्तू 'चकाकते'. तेथे तेज पृष्ठभागावरचे असते. तलवार आणि नुकतीच घासलेली भांडी 'लखलखतात'. तेलाने किंवा आरोग्याने आलेली तजेलदार छटा ती 'तकाकी'. तारे 'लुकलुकतात', दुबळा दिवा 'मिणमिणतो', आणि समईची वात शांतपणे जळते तेव्हा ती 'तेवते'. फटीतून येणारी उन्हाची रेघ ती 'तिरीप', आणि भिंतीवर किंवा जमिनीवर पडलेला तिचा ठिपका तो 'कवडसा'.

'झगमग' हा शब्द विशेष पाहण्यासारखा आहे. चारमिनारजवळच्या लाड बाजारात लाखेच्या बांगड्यांवर बसविलेले खडे व काचा संध्याकाळच्या दिव्यांत जे करतात, ती झगमग. तीत संख्या आहे, गर्दी आहे, थोडा दिखाऊपणाही आहे. झळाळीला गर्दीची गरज नाही. एकच मोती झळाळू शकतो. 'उजाळा' हा आणखी एक जवळचा शब्द. तो 'उज्ज्वल' शब्दाच्या कुळातला. काळवंडलेल्या दागिन्याला सोनार उजाळा देतो, आणि विसरत चाललेल्या आठवणींनाही उजाळा मिळतो. उजाळा द्यावा लागतो, झळाळी येते. या दोन क्रियापदांतच दोहोंतील फरक सामावला आहे.

३. मोती, हिरा आणि बिदरी

हैदराबादला समुद्र नाही, तरीही हे मोत्यांचे शहर म्हणून प्रसिद्ध आहे. पूर्वी इराणच्या आखातातून मोती येत, आज ते बहुतांशी परदेशी शेतीतून येतात. येथले कसब ते निवडण्याचे, विंधण्याचे आणि ओवण्याचे. मोती हा एकावर एक बसलेल्या अत्यंत पातळ पापुद्र्यांचा बनलेला असतो. प्रकाशाचा काही अंश वरच्या थरावरून परततो, काही आत शिरून खालच्या थरांवरून परततो, आणि हे किरण एकमेकांत मिसळतात. म्हणून मोत्याचे तेज वरून फासल्यासारखे न दिसता आतून आल्यासारखे वाटते. आपल्या घरोघरी म्हटली जाणारी, समर्थ रामदासांच्या नावे प्रसिद्ध असलेली गणपतीची आरती आठवावी. तीत देवाच्या कंठातील मोत्यांच्या माळेसाठी 'झळकणे' हेच क्रियापद आले आहे. मुलांना ती आरती पाठ असते. परंतु तेथे लखलखणे किंवा झगमगणे का नाही, हे त्यांना कोणी विचारीत नाही. मोती आतून तेजाळतो, म्हणून तो झळकतो, हे उत्तर त्यांना सहज समजेल.

हिऱ्याची गोष्ट वेगळी. गोवळकोंड्याचा हिरा म्हणून जो जगप्रसिद्ध झाला, तो गोवळकोंड्याच्या किल्ल्यात निघत नसे. कृष्णाकाठच्या कोल्लूरसारख्या खाणींतून तो येई आणि गोवळकोंड्याच्या बाजारात विकला जाई. अठराव्या शतकाच्या पूर्वार्धात ब्राझीलमध्ये हिरे सापडेपर्यंत जगाला हिरे पुरविण्यात हिंदुस्थानच अग्रेसर होता. हिरा प्रकाशाला फार मोठ्या प्रमाणात वाकवितो आणि पैलू नीट पाडले असता आत आलेला प्रकाश पुनःपुन्हा परतवून बाहेर टाकतो. पैलू पाडल्यावाचून हिऱ्याला झळाळी नाही.

तिसरे उदाहरण बिदरी कामाचे. बीदर हे १९५६ पर्यंत हैदराबाद संस्थानाच्या व पुढे राज्याच्या प्रदेशातच होते. जस्तात थोडे तांबे मिसळून भांडे ओततात, त्यावर नक्षी कोरून चांदीची तार किंवा पत्रा बसवितात. नंतर बीदरच्या किल्ल्यातील माती व नवसागर यांचे मिश्रण लावतात. त्याने जस्ताचा भाग काळाकुट्ट होतो, पण चांदीचा रंग बदलत नाही. काळ्या भूमीवर पांढरी वेल झळकू लागते. चांदी आधीही तेथेच होती, परंतु भोवतालचा काळोख गडद झाला तेव्हा तिची झळाळी दिसली.

४. शहराच्या तीन भाषा

आपली मुले घराबाहेर उर्दू व तेलुगू रोज ऐकतात. याला आम्ही अडचण न मानता अभ्यासाची सोय मानतो. मोत्याच्या तेजाला आपण 'पाणी' म्हणतो. उर्दूत त्यालाच 'आब' म्हणतात. हा फारसी शब्द असून त्याचा मूळ अर्थ पाणीच. तो मराठीतही रुळला आहे. 'आबदार मोती' म्हणजे पाणीदार मोती, आणि 'आब राखून वागणे' म्हणजे प्रतिष्ठा सांभाळून वागणे. मोत्याचे तेज गेले की तो फुकट, माणसाची आब गेली की तोही तसाच. हा विचार एका शब्दात आला. उर्दूत 'आब-ओ-ताब' असा जोडशब्द आहे. त्यातील 'ताब' शब्दात तेज आणि उष्णता हे दोन्ही अर्थ आहेत.

तेलुगूत झळाळण्यासाठी 'तळतळ' आणि 'धगधग' असे अनुकरणवाचक शब्द आहेत. घासलेले भांडे तेथे तळतळ चमकते, भरजरी वस्त्र धगधग चमकते. मराठी कानाला हे ऐकून नवल वाटते. आपल्याकडे 'तळतळ' म्हणजे जिवाची आग, आणि 'तळतळाट' म्हणजे दुखावलेल्याचा शाप. 'धगधगते' ते आपल्याकडे होमकुंड किंवा अंतःकरण. ध्वनी एकच, परंतु शेजारणीने प्रकाश घेतला आणि आपण ताप घेतला. संस्कृतातील 'तेज' शब्दातही अग्नी, प्रभा आणि पराक्रम हे अर्थ एकत्र आहेतच. उजेड आणि ताप यांना वेगळे मानू नये, हे या शहरातील साऱ्या भाषा आपापल्या परीने सांगत आहेत.

५. लाक्षणिक उपयोग

'झळ' शब्दाचे लाक्षणिक उपयोग आपण नित्य करतो. महागाईची झळ लागते, युद्धाची झळ पोहोचते, दुष्काळाच्या झळा सोसाव्या लागतात. आई मुलांना गरिबीची झळ लागू देत नाही. हा शब्द आता आगीपुरता राहिलेला नाही. २८ सप्टेंबर १९०८ रोजी मुसी नदीला आलेल्या महापुराने या शहरात हजारो माणसे मेली. ते संकट पाण्याचे होते, तरी त्याची झळ लागलेली घराणी, असेच आपण म्हणू. उलट बाजूस, परीक्षेत यश मिळविणाऱ्याचे नाव वर्तमानपत्रात झळकते, निशाण बुरुजावर झळकते, आणि ढळढळीत नि तेजस्वी अशा वैराग्याला झळझळीत वैराग्य म्हणतात. झळ सोसावयाची असते आणि झळाळी मिरवावयाची असते. परंतु एकीवाचून दुसरी नाही. सोनेसुद्धा मुशीत तापल्यावरच झळाळते.

हा केवळ शब्दांचा खेळ नव्हे. निजामी राजवटीत सरकारी कामकाज उर्दूत चाले. १९१८ साली स्थापन झालेल्या उस्मानिया विद्यापीठातही शिक्षणाचे माध्यम उर्दूच होते. अशा काळात १९०७ साली निघालेल्या विवेकवर्धिनीसारख्या संस्थेने येथे विद्येचा दिवा तेवत ठेवला. सप्टेंबर १९४८ मध्ये संस्थान भारतात विलीन झाले. १ नोव्हेंबर १९५६ रोजी राज्यांची पुनर्रचना होऊन मराठवाड्याचे पाच जिल्हे मुंबई राज्यात गेले आणि हैदराबाद शहर आंध्र प्रदेशात आले. एकाच घराण्यातील भाऊ दोन राज्यांत राहू लागले. २०१४ साली पुन्हा नवे तेलंगण राज्य झाले. या साऱ्या बदलांत ज्या घरांनी मराठी टिकविली, त्यांनी तिची झळ सोसली आहे. शाळेत नसलेली भाषा स्वयंपाकघरात, देवघरात आणि पाळण्याजवळ शिकविणे हे काम मुख्यतः घरातील स्त्रियांनी केले, आणि त्यांचे नाव कोठे झळकले नाही. आज मुलांच्या मराठीला जी काही झळाळी दिसते, ती त्यांच्या पुण्याईची आहे. ती 'चमकते' या एका शब्दावर येऊन थांबावी, हे आम्हांस योग्य वाटत नाही.

६. घरचा अभ्यास

पुढील अभ्यास मुलांनी आईवडील किंवा आजी-आजोबांसमवेत करावा.

(१) संध्याकाळी दिवा लावताना घरातील पाच तेजस्वी वस्तू निवडाव्या आणि प्रत्येकीसाठी वेगळे क्रियापद योजावे. एकदा वापरलेला शब्द पुन्हा घेऊ नये.

(२) जाळ, आच, धग, झळ, ऊब या शब्दांची वाक्ये स्वयंपाकघरातच उभे राहून करावी.

(३) शेजारच्या तेलुगू किंवा उर्दूभाषी कुटुंबात 'झळाळी'ला काय म्हणतात ते विचारून लिहून आणावे.

(४) आजीला विचारावे की तिच्या लहानपणी घराला कशाची झळ लागली होती. हे उत्तर वहीत लिहून ठेवावे. ते कोणत्याही कोशात मिळणार नाही.

ज्यांना अधिक वाचावयाचे असेल त्यांनी दाते व कर्वे यांच्या महाराष्ट्र शब्दकोशात 'झ' या अक्षराची पाने अवश्य चाळावी. शब्द विकत घ्यावे लागत नाहीत आणि वाटल्याने ते कमीही होत नाहीत. ते नित्य वापरात ठेवावे, म्हणजे त्यांना उजाळा देण्याची वेळ येत नाही.