‘सूचना नाहीत’ची पुरसिस आणि त्यानंतर

ठाणे आणि कल्याणच्या कोर्टांत दिवाणी कामं चालवताना मला सगळ्यांत अस्वस्थ करतात ते दावा मूळ नंबरवर, म्हणजे पुन्हा सुनावणीला, घेण्याचे अर्ज. वादी हरलेला नसतो. त्याच्या वकिलाने ‘पक्षकाराच्या सूचना नाहीत’ अशी पुरसिस, म्हणजे लेखी निवेदन, कोर्टात दिलेली असते, पुकाऱ्याला फक्त प्रतिवादी हजर असतो आणि दावा निकाली निघतो. अशी वेळ टाळायला, आणि आलीच तर सावरायला, या पाच गोष्टी:

१. घर बदललं की वकिलाला आणि कोर्टाला लेखी कळवा. डोंबिवली पूर्वेच्या एका आजोबांची इमारत पुनर्विकासाला गेली, ते बदलापूरला भाड्याने राहायला गेले. वकिलाची नोटीस जुन्या पत्त्यावर गेली आणि पोस्टमनच्या ‘घर सोडून गेले’ या शेऱ्यासह परत आली. तेच पाकीट पुरसिशीला जोडलं गेलं. कागदोपत्री सगळं बिनचूक, आणि आजोबांना पत्ताच नाही! नौपाड्यापासून डोंबिवलीपर्यंत जुन्या इमारती पाडल्या जात आहेत, त्यामुळे असं कुणाच्याही बाबतीत घडू शकतं.

२. दावा निघाल्याचं कळताच आधी रोजनाम्याची, म्हणजे कोर्टाच्या तारखांच्या नोंदींची, नक्कल काढा. वकिलाला वाटेल तेव्हा अंग काढून घेता येत नाही. वकीलपत्र संपवायला कोर्टाची परवानगी लागते, पक्षकाराला पुरेशी आगाऊ सूचना द्यावी लागते. मलकियत सिंग विरुद्ध जोगिंदर सिंग या खटल्यात वकिलाने ‘सूचना नाहीत’ म्हटल्यावर पक्षकाराला नोटीस न काढताच एकतर्फी हुकूमनामा झाला होता. सर्वोच्च न्यायालयाने तो टिकू दिला नाही. म्हणून मी रोजनाम्यात पहिली हीच नोंद शोधते: नोटीस काढली होती का, ती कुठे बजावली? मात्र याच न्यायालयाने 1993 च्या सलिल दत्ता प्रकरणात बजावलंय की, स्वतः बेफिकीर राहिलेल्या पक्षकाराला सगळा दोष वकिलावर ढकलता येणार नाही. दोन्ही निकाल मला न्याय्य वाटतात.

३. दावा मूळ नंबरवर घेण्याच्या अर्जाची मुदत 30 दिवसांची, आणि ती दावा निघाल्याच्या तारखेपासून मोजतात, तुम्हाला कळल्यापासून नव्हे. उशीर झाला तर विलंबमाफीचा अर्ज सोबत हवा, त्यात कारण तारीखवार मांडायचं. ‘नवीन दावा लावू’ असं अनेक जण म्हणतात. प्रतिवादी हजर आणि वादी गैरहजर म्हणून दावा निघाला असेल, तर त्याच कारणावरून नवा दावा लावता येत नाही.

४. फी थकली म्हणून वकिलाचा फोन टाळू नका. फीसाठी वकिलाला तुमची कागदपत्रं अडवून ठेवता येत नाहीत, हे सर्वोच्च न्यायालयाने 2000 साली आर. डी. सक्सेना प्रकरणात स्पष्ट केलंय. समोर बसून हिशेब करा, फाइल घ्या आणि पुढच्या तारखेआधी नवं वकीलपत्र दाखल करा.

५. दाव्याचा सीएनआर (ओळख) क्रमांक घरातल्या तरुण माणसाकडेही देऊन ठेवा. ई-कोर्ट्स ॲपवर तो टाकला की पुढची तारीख दिसते. तारखेच्या आदल्या संध्याकाळी वकिलाला फोन करून विचारा, उद्या मी येऊ का?