तुणतुण्याची एक तार

‘तेच तुणतुणे वाजवू नकोस’ असे आपण सहज म्हणतो. एकच गोष्ट पुन्हा पुन्हा उगाळणाऱ्याला दिलेला हा टोला त्या वाद्यावर मात्र अन्याय करतो. तुणतुण्याला एकच तार का, हे समजून घेतले तर आपल्या लोकसंगीताची रीत ध्यानात येते.

प्रथम त्याची घडण पाहू. लाकडाचे पोकळ नळकांडे, बुडाला कातडे, बाजूला बसविलेली बांबूची काठी आणि तिच्या टोकाला खुंटी. कातड्याच्या मध्यातून निघालेली तार खुंटीला ताणलेली असते. लाकडाच्या लहानशा तुकड्याने ती छेडली की कंपन थेट कातड्यात उतरते. येथे पडदे नाहीत. खुंटी पिळून गाणाऱ्याच्या पट्टीत सूर लावावयाचा आणि तोच धरून ठेवावयाचा.

राजस्थानातील भोपा पाबूजीची गाथा गाताना रावणहत्थ्यावर गज फिरवून चालही वाजवतो. अमेरिकेच्या डोंगराळ भागातील वाद्यवृंदांत फिडल आणि बँजो धून पुढे नेतात. आपल्याकडे चाल गळ्यातच राहते. पोवाड्यात डफ, गोंधळात संबळ, तमाशात ढोलकी व हलगी ताल सांभाळतात. सूर सांभाळते तुणतुणे. वारकऱ्यांच्या टाळ-पखवाजाच्या गजरात विणेकऱ्याची वीणाही हेच काम करते. या परंपरांत शब्द आणि कथा श्रेष्ठ. त्यांच्यावर कुरघोडी करणार नाही, अशीच तार त्यांनी पत्करली.

ही तार एकटी नसते. तमाशातील सुरत्या तुणतुणे वाजवता वाजवता झील धरतो, मुख्य गायकाची ओळ उचलतो आणि त्याला श्वास घ्यायला उसंत देतो. पुढे पेटी आली, मग विजेवरचे कीबोर्ड आले. सूर तेथून मिळू लागला आणि सुरत्याची जागा आक्रसली. डक्कलवारांची किंगरीही जांबपुराण सांगणाऱ्यांबरोबरच जगते. सांगणारा नसेल तर ती मुकी.

पुण्याच्या राजा दिनकर केळकर संग्रहालयात जुनी वाद्ये जपलेली आहेत. दिनकर गंगाधर केळकर यांचे हे ऋण मोठेच. परंतु काचेआड लाकूड आणि कातडे टिकते. झील नेमकी कोठे उचलावी, हे वाजविणाऱ्याच्या गळ्यातच असते. तेव्हा घरच्या लग्नानंतर गोंधळ घातला जाईल, त्या रात्री संबळाइतकेच लक्ष तुणतुणेवाल्याकडे द्यावे. त्याच्याशी बोलावे आणि तो सांगेल ते वहीत उतरवून घ्यावे. आपल्या विद्यार्थ्यांना एवढे सहज करता येईल.