डास नियंत्रण : दिल्लीची तळी आणि चतुर

दिल्लीत १९९६ मध्ये डेंग्यूच्या साथीत १०,२५२ रुग्णांची नोंद झाली व ४२३ जण दगावले. २०१५ मध्ये रुग्णसंख्या १५,८६७ वर गेली. धूरफवारणीने उडणारे डास मरतात. पाण्यातील अळ्या मात्र शिल्लक राहतात. म्हणूनच डासांच्या नैसर्गिक शत्रूंचा विचार महत्त्वाचा ठरतो. हा शत्रू कोणत्या पाण्यात टिकतो, हे मात्र आधी पाहावे लागते.

तळ्यातील भक्षक

चतुर व टाचणी हे कीटक पाण्यात अंडी घालतात. त्यांच्या अळ्या आपला घडीचा खालचा ओठ झटकन पुढे फेकून डासांच्या अळ्या पकडतात. प्रौढ चतुर उडते डासही खातो. पाणकिडे, बेडकांची काही पिले व लहान मासे हेही याच साखळीतील घटक होत. वझिराबाद येथील यमुना जैवविविधता उद्यानासारख्या पाणथळ जागा अशा जीवांना आश्रय देतात. सांडपाण्याने प्राणवायू घटलेल्या तळ्यात मात्र बहुतेक भक्षक जगत नाहीत. क्युलेक्स डास तेथे सहज वाढतो. म्हणजेच तळ्याची स्वच्छता हाच डास नियंत्रणाचा पाया होय.

परदेशी माशांचा धडा

डासांच्या अळ्या खाणारा गंबुशिया मासा भारतात १९२८ मध्ये आणला गेला. बंदिस्त टाक्या व कारंज्यांत तो उपयुक्त ठरतो. नैसर्गिक तळ्यात मात्र तो स्थानिक माशांची पिले व इतर जलचरही फस्त करतो. जगातील सर्वाधिक घातक शंभर आक्रमक प्रजातींच्या यादीत त्याचा समावेश आहे. एक भक्षक आणताना आधीचे भक्षक नष्ट होणार असतील, तर निव्वळ लाभ घटतो.

उपायाची मर्यादा

डेंग्यू पसरवणारा एडिस डास प्रामुख्याने कूलर, टाक्या, कुंड्या व टाकाऊ टायर यांतील पाण्यात वाढतो. अंड्यापासून डास होण्यास अनुकूल हवामानात साधारण आठ-दहा दिवस पुरतात. चतुर अशा ठिकाणी आपोआप वस्ती करत नाही. म्यानमारमधील यांगून येथे घरगुती साठवणीच्या पाण्यात चतुराच्या अळ्या पुन्हा पुन्हा सोडून एडिसची संख्या घटवण्यात आली. या प्रयोगाचे निष्कर्ष १९९० मध्ये प्रसिद्ध झाले. पण त्यासाठी अळ्यांचा सतत पुरवठा व लोकसहभाग आवश्यक होता. दिल्लीसारख्या महानगरात आठवड्यातून एकदा पाणी रिकामे करणे अधिक सोपे व स्वस्त आहे. २०१९ मध्ये दिल्ली सरकारने राबवलेल्या ‘दहा आठवडे, दहा वाजता, दहा मिनिटे’ या मोहिमेचा आधार हाच होता.

आर्थिक दृष्टिकोन

डासमुक्त परिसर ही सार्वजनिक वस्तू आहे. एका घराच्या निष्काळजीपणाचा खर्च शेजाऱ्यांना सोसावा लागतो. अर्थशास्त्रात यास नकारात्मक बाह्य परिणाम म्हणतात. त्यामुळे जबाबदारीची विभागणी स्पष्ट हवी. तळ्यात सांडपाणी मिसळू न देणे, काठची वनस्पती राखणे व सरसकट कीटकनाशक टाळणे ही शासन व महापालिकांची जबाबदारी. घरातील पाणीसाठ्याची तपासणी ही कुटुंबाची. फवारणीचा खर्च दरवर्षी करावा लागतो, तर जिवंत तळे ही नैसर्गिक भांडवलातील गुंतवणूक आहे. ती डासांबरोबरच भूजल व पूरनियंत्रणासाठीही उपयोगी पडते. चतुर हा घरोघरीच्या दक्षतेचा पर्याय नव्हे, तर तिला पूरक असा सहकारी आहे.