पाठमोरा आणि सामोरा : ‘फ्रोवर्ड’ या जुन्या इंग्रजी शब्दाचा अभ्यास

शास्त्रपाठ : नीतिसूत्रे ४:२०-२७, यशया ५७:१४-१९, लूक ३:१-६, १ पेत्र २:१८-२५.

मागे एका संध्याकाळी युवकांच्या शास्त्राभ्यासात नीतिसूत्रांचा चौथा अध्याय चालला होता. आपल्यापैकी अनेकांच्या घरी मराठी शास्त्राच्या शेजारी वडिलांच्या किंवा आजोबांच्या वेळचे इंग्रजी शास्त्रही असते. एका तरुणाने तेच सोबत आणले होते. चोविसावे वचन वाचताना त्यातला ‘फ्रोवर्ड’ हा शब्द त्याने ‘फॉरवर्ड’ असा वाचला. म्हणजे शलमोन सांगतो आहे की, फॉरवर्ड तोंड आपल्यापासून दूर ठेव! मागे बसलेल्या एक आजीबाई लगेच म्हणाल्या, “खरेच आहे. हल्लीची मुले फारच फॉरवर्ड झाली आहेत.” सगळे हसले. आम्ही चूक दुरुस्त केली, ‘फ्रोवर्ड म्हणजे हट्टी, दुष्ट’ असे काहीसे सांगितले आणि पुढच्या वचनाकडे वळलो.

वर्ग संपला, पण तो शब्द आमच्या मनातून गेला नाही. आपण सांगितलेला अर्थ पुरा नाही, असे वाटत राहिले. पुढे शब्दकोश आणि शास्त्रवचने समोर घेऊन बसलो, तेव्हा जे हाती लागले ते वाचकांपुढे, विशेषतः शब्बाथशाळेच्या शिक्षकांपुढे, ठेवीत आहोत.

१. शब्दाची घडण

आज बोलण्याच्या इंग्रजीत हा शब्द जवळजवळ ऐकू येत नाही. परंतु १६११ साली प्रसिद्ध झालेल्या जेम्स राजाच्या आवृत्तीत तो वीसाहून अधिक वेळा आला आहे, आणि त्यातल्या निम्म्याहून अधिक जागा एकट्या नीतिसूत्रांत आहेत. नव्या करारात तो एकदाच येतो. त्याचा विचार पुढे करू.

या शब्दाचे दोन तुकडे आहेत. ‘फ्रो’ म्हणजे ‘पासून दूर’. ‘टू अँड फ्रो’ म्हणजे ‘इकडून तिकडे’ या जोडशब्दात तो अजून जिवंत आहे. ‘वर्ड’ म्हणजे ‘त्या दिशेला वळलेला’. तेव्हा ‘फ्रोवर्ड’ म्हणजे ज्याचे तोंड दूर वळले आहे असा माणूस. याच्या उलट शब्द ‘टोवर्ड’. आज आपण तो ‘कडे’ या अर्थाचे अव्यय म्हणून शिकतो, पण जुन्या इंग्रजीत ते विशेषणही होते. शिकवणाऱ्याकडे ज्याचे तोंड आहे अशा ऐकत्या, गुणी मुलाला ‘टोवर्ड’ म्हणत. शेक्सपिअरच्या ‘द टेमिंग ऑफ द श्रू’ या नाटकाच्या शेवटच्या प्रवेशात हे दोन्ही शब्द शेजारी शेजारी आलेले आहेत. ‘वेवर्ड’ हा शब्दही याच कुळातला. तो ‘अवेवर्ड’चे, म्हणजे ‘दूर वळलेला’ याचे, लहान झालेले रूप आहे.

‘फॉरवर्ड’ मात्र वेगळा. एका अक्षराची जागा बदलली की अर्थ पार उलटतो. करिंथकरांस लिहिलेल्या दुसऱ्या पत्राच्या आठव्या अध्यायात, सतराव्या वचनात, तीताविषयी पौल जे म्हणतो तिथे त्याच जुन्या इंग्रजी आवृत्तीत ‘फॉरवर्ड’ आहे. तिथे त्याचा अर्थ आगाऊ असा नसून सत्कार्यासाठी आपण होऊन पुढे झालेला, उत्सुक, असा आहे. आजीबाईंनी रागाने वापरलेला शब्द पौलाच्या पत्रात स्तुतीचा आहे, हे आमच्या तरुण मंडळींना कळले असते तर ती खूश झाली असती!

मराठीत ‘फ्रोवर्ड’ला काय म्हणावे? संस्कृतातून आलेले ‘विमुख’ आणि ‘पराङ्मुख’ हे शब्द आहेतच. परंतु आपल्या घरात बोलला जाणारा शब्द त्याहून जवळचा आहे. तो म्हणजे ‘पाठमोरा’. आणि ‘टोवर्ड’ म्हणजे ‘सामोरा’. शब्दांची ही जोडी आपल्याकडे असताना ‘हट्टी, दुष्ट’ म्हणून आम्ही अर्थ उरकून टाकला, याचे आम्हाला वाईट वाटले. हट्टी माणूस जागचा हलत नाही, पण त्याचे तोंड आपल्याकडे असू शकते. पाठमोरा माणूस कदाचित शांत असेल, गोड बोलतही असेल, पण त्याचे प्रत्येक पाऊल दूर पडत असते.

२. मूळ भाषांत काय आहे?

जुन्या करारात ज्या ठिकाणी इंग्रजीत हा शब्द आहे, तिथे मूळ इब्री भाषेत एकच शब्द नाही. त्यातले तीन पाहू.

पहिला ‘इक्केश’, म्हणजे पिळलेला, वाकडा. स्तोत्र १०१:४ आणि नीतिसूत्रे ११:२० येथे वाकड्या अंतःकरणासाठी तो आला आहे. दुसरा ‘तहपुखोत’. हा ‘उलथून टाकणे’ या धातूपासून झाला आहे. सदोम नगराचा नाश सांगताना (उत्पत्ती १९:२५) आणि निनवेला दिलेल्या इशाऱ्यात (योना ३:४) हाच धातू आहे. खाली असावे ते वर आणि वर असावे ते खाली, अशी ज्याच्या आत उलथापालथ झाली आहे तो माणूस. आपणही निर्दय माणसाला ‘उलट्या काळजाचा’ म्हणतोच.

तिसरा शब्द यशया ५७:१७ मध्ये आहे. लोभाच्या अधर्मामुळे देवाने आपल्या लोकांना शासन केले, तरी ते आपल्या मनाच्या वाटेने चालतच राहिले, असे तिथे म्हटले आहे. ‘चालत राहिले’ याला जोडून इब्रीत ‘शोवाव’ हा शब्द आहे. तो ‘शूव’ या धातूचा आहे, आणि ‘शूव’ म्हणजे वळणे, परत फिरणे. संदेष्टे लोकांना पश्चात्तापाची हाक देतात ती याच धातूने! यिर्मया ३:२२ मध्ये तर दोन्ही एकाच हाकेत आले आहेत: पाठ फिरवलेल्या मुलांनो, परत फिरा, असा तिचा भाव आहे. म्हणजे बिघडण्याचा शब्द आणि सुधारण्याचा शब्द एकाच मुळातून निघालेले आहेत. जो इकडून तिकडे वळू शकला, तो तिकडून इकडेही वळू शकतो. आजच्या इब्री भाषेत ‘शोवाव’ हा शब्द खोडकर मुलासाठी वापरतात, हेही शब्बाथशाळेच्या शिक्षकांनी ध्यानात ठेवण्यासारखे आहे.

३. पाठमोऱ्याची खूण

नीतिसूत्रांत हा दोष तीन ठिकाणी दिसतो: तोंडात (४:२४, १०:३१), अंतःकरणात (११:२०, १७:२०) आणि वाटेत (२:१५, २२:५). सहाव्या अध्यायाच्या १२ ते १४ या वचनांत तर अशा माणसाचे चित्रच काढले आहे. तो डोळे मिचकावतो, पायाने खूण करतो, बोटाने इशारे करतो. १६:२८ मध्ये त्याच्या शेजारी कानाशी लागणारा उभा केला आहे, जो जिवलग मित्रांत फूट पाडतो.

वाचकहो, हे चित्र आपल्याला अनोळखी आहे काय? मंडळीच्या सभेत एक शब्द न बोलणारा आणि सभा संपल्यावर फाटकाशी उभा राहून सगळे बोलणारा माणूस आपण पाहिलेला नाही काय? किंबहुना, कधी तो माणूस आपणच नव्हतो काय?

स्तोत्र १८:२६ येथे पुष्कळांना अडखळण होते. वाकड्याशी देव वाकडेपणाने वागतो, असे तिथे वरवर दिसते. जुन्या इंग्रजी आवृत्तीत दोन्हीकडे ‘फ्रोवर्ड’ घातला आहे, पण इब्रीत शब्द दोन आहेत. दुसरा शब्द झटापट करणे, झोंबी घेणे या अर्थाच्या धातूचा आहे. राहेलने ‘नफताली’ हे नाव ठेवले (उत्पत्ती ३०:८) ते याच धातूवरून. देव वाकडा होत नाही. वाकड्या वाटेने जाणाऱ्याला तो आडवा येतो. शिवाय, दिव्याकडे पाठ करून चालणाऱ्याच्या पुढे त्याचीच सावली पडते, त्यात दिव्याचा काय दोष?

४. माणसावरून घटनेवर

या शब्दाचा एक भाऊबंद मात्र आपण रोज वाचतो. तो म्हणजे ‘अनटोवर्ड’, अर्थात जो सामोरा नाही तो. प्रेषितांची कृत्ये २:४० येथे जुन्या इंग्रजी आवृत्तीत त्या पिढीला हे विशेषण लावले आहे. आज आपल्या देशातल्या इंग्रजी वर्तमानपत्रांत तो मिरवणुकीच्या आणि मतदानाच्या बातम्यांत येतो, आणि मराठी वर्तमानपत्रे त्या जागी ‘कोणताही अनुचित प्रकार घडला नाही’ असे लिहितात. गाडीतून अपघाताने पडणाऱ्या प्रवाशाच्या भरपाईसंबंधी १९८९ च्या रेल्वे अधिनियमातही ‘अनटोवर्ड इन्सिडन्ट’ असाच शब्दप्रयोग आहे.

पूर्वी हे विशेषण माणसाला लावीत, आता बहुधा प्रसंगाला लावतात. भाषा बदलतेच, त्यात दोष नाही. परंतु मनाचीही तीच वाट आहे, हे नाकारता येत नाही. वाकडे काही झाले तर ते प्रसंगाचे, परिस्थितीचे, नाचता येत नसले तर अंगणाचे! पेत्राने मात्र त्या दिवशी प्रसंगाला दोष दिला नाही. माणसांना सांगितले, आणि ती माणसे वळली.

५. पेत्राच्या पत्रातील वापर

नव्या करारात ‘फ्रोवर्ड’ येतो तो १ पेत्र २:१८ मध्ये. घरातल्या दासांना पेत्र लिहितो की, चांगल्या व सौम्य धन्यांच्याच नव्हे, तर वाकड्या धन्यांच्याही अधीन असा. हे वचन वाचताना आपण फार सावध असले पाहिजे. त्या काळच्या रोमी राज्यात दास ही धन्याची मालमत्ता होती. सोडून जाणे त्याच्या हाती नव्हते. अशा माणसाने अन्याय सोसताना मन कडू होऊ देऊ नये, एवढे पेत्र सांगतो. घरकामाच्या बाईला छळणाऱ्याने किंवा बायकोवर हात उचलणाऱ्याने या वचनाची ढाल करावी, असे तो कोठेही म्हणत नाही.

उलट शब्द कोणाला लावला आहे ते पाहा. ‘वाकडा’, ‘उलटा’, ‘ऐकत नाही’ ही विशेषणे धनी चाकराला लावतात, मोठे लहानांना लावतात, ही जगाची रीत. पेत्राने ती धन्याला लावली! सोसायला सांगताना त्याने वाकड्याला सरळ म्हटले नाही. १९५२ च्या सुधारलेल्या इंग्रजी आवृत्तीतही येथे अरेरावी करणारा या अर्थाचा शब्द घातला आहे. आणि हाच अध्याय संपतो तो भटकलेली मेंढरे आपल्या मेंढपाळाकडे परत फिरली या शब्दांनी (२:२५). सुरुवात पाठमोऱ्याची, शेवट परत फिरण्याचा.

६. वाकडे ते सरळ

पेत्राने येथे लिहिलेला ग्रीक शब्द ‘स्कोलिऑस’ आहे. पाठीचा कणा बाजूला वाकतो त्या विकाराला डॉक्टर ‘स्कोलिओसिस’ म्हणतात, तो याच शब्दावरून. नव्या करारात हा शब्द चारच ठिकाणी आहे: लूक ३:५, प्रेषितांची कृत्ये २:४०, फिलिप्पै २:१५ आणि १ पेत्र २:१८. जुन्या इंग्रजी आवृत्तीत त्याची तीन निरनिराळी भाषांतरे झाल्यामुळे हे नाते सहज ध्यानात येत नाही. यांपैकी पहिली जागा आनंदाची आहे. बाप्तिस्मा करणाऱ्या योहानाच्या संदर्भात लूक यशयाचे भविष्य सांगतो की, जे वाकडे आहे ते सरळ होईल.

आपल्याकडे म्हण आहे की, कुत्र्याचे शेपूट नळीत घातले तरी वाकडे ते वाकडेच. ही म्हण जगाचा अनुभव सांगते. सुवार्ता मात्र याच्या नेमके उलट सांगते. यशया ५७ मध्ये, माणूस आपल्या मनाच्या वाटेने चालतच राहिला असे सांगितल्यावर, पुढच्याच वचनात देव म्हणतो की, त्याच्या वाटा मी पाहिल्या आहेत आणि मी त्याला बरे करीन. पाठ पाहूनही देवाने त्याला टाकले नाही.

येथे आम्हाला एक गोष्ट कबूल केली पाहिजे. पुष्कळ वर्षांपूर्वी आमच्या वर्गात एक मुलगा होता. नेहमी खिडकीकडे तोंड करून बसे, विचारले तर उलट उत्तर देई. एके रविवारी आम्ही सर्वांसमक्ष म्हटले, “हा वाकडाच राहणार,” आणि त्याला वर्गाबाहेर काढले. तो पुन्हा आला नाही. आम्हीही त्याच्या घरी गेलो नाही. आज तो कोठे आहे ते आम्हाला ठाऊक नाही. या शब्दाचा अभ्यास करताना तो मुलगा वारंवार आठवला. त्या दिवशी पाठ नक्की कोणी कोणाकडे फिरवली होती?

लूक १५ मध्ये धाकटा मुलगा पाठमोरा होऊन दूर देशी गेला, आणि थोरला मुलगा दाराशी उभा राहूनही पाठमोराच राहिला. बाप मात्र दोघांनाही सामोरा गेला: एकासाठी रस्त्यावर धावला, दुसऱ्यासाठी अंगणात आला. ‘फ्रोवर्ड’ हा माणसाच्या जातीचा शब्द नाही, दिशेचा आहे. दिशा बदलता येते. आपण शिक्षकांनी, आईबापांनी आणि वडीलधाऱ्यांनी निदान आपले तोंड त्या मुलाकडे ठेवावे.

शब्बाथशाळेच्या शिक्षकांसाठी प्रश्न

१. ‘हट्टी’ आणि ‘पाठमोरा’ यांतील फरक मुलांना एखाद्या रोजच्या उदाहरणाने समजावून सांगा.

२. यशया ५७:१७ व १८ ही वचने सलग वाचा. सतराव्या वचनापाशीच थांबलो तर काय गमावू?

३. लूक १५ मधील दोन्ही मुलगे कोणत्या क्षणी पाठमोरे झाले? सामोरा कोण झाला?

४. आपल्या वर्गातल्या कोणत्या मुलाविषयी आपण आशा सोडली आहे? या आठवड्यात त्याच्या घरी जाता येईल काय?