पाण्यातील उजेड : रात्रीच्या नौकाप्रवासाचा एक अभ्यास

— बी. ए. द्वितीय वर्षातील एक विद्यार्थिनी

तीर्थयात्रा, व्यापार, शिक्षण आणि करमणूक असे प्रवासाचे हेतू आपण पुस्तकात वाचतो. या यादीत अलीकडे एका निराळ्या प्रवासाची भर पडली आहे. लोक पैसे खर्च करून समुद्रकिनारी जातात, अमावास्येच्या आसपासची रात्र निवडतात, हातातले दिवे विझवतात आणि एकदोन माणसांच्या अरुंद होडीत बसून काळोखात वल्हवत निघतात. वल्हे पाण्यात बुडाले की निळा उजेड फुटतो, हात बुडवला की बोटांभोवती ठिणग्या दिसतात. होडीखालून मासा गेला तर त्याची वाट क्षणभर उजळते. हा उजेड कशाचा, तो कोठे दिसतो आणि त्याच्या मागे धावणाऱ्या प्रवाशाचे वागणे कसे असावे, याचा विचार या लेखात करावयाचा आहे.

आरंभीच सांगते, मी समुद्र पाहिलेला नाही. आमच्या घरातून कॉलेजची पायरी चढलेली मी पहिलीच. आईवडिलांचा प्रवास मार्कंड्याच्या जत्रेपलीकडे फारसा गेला नाही. त्यामुळे हे प्रवासवर्णन नव्हे, वाचनातून केलेला अभ्यास आहे. मात्र काळोख म्हणजे काय, हे सिंदेवाही तालुक्यातील मुलीला पुस्तकातून शिकावे लागत नाही, आणि या विषयाचा अर्धा भाग काळोखाचाच आहे.

उजेड येतो कोठून?

जुन्या पुस्तकांत या प्रकाशाचा संबंध फॉस्फरसशी जोडलेला आढळतो. ती समजूत खरी नाही. हा प्रकाश सजीवांचा आहे, म्हणून त्याला जीवदीप्ती म्हणतात. काजवा, सडक्या लाकडावरील काही बुरशी, खोल समुद्रातील मासे आणि समुद्राच्या पृष्ठभागावरील काही सूक्ष्म जीव यांच्या अंगी ही शक्ती असते. इंग्लंडमधील रॉबर्ट बॉइल याने १६६७-६८ च्या सुमारास चमकणारे लाकूड निर्वात पात्रात ठेवून पाहिले. हवा काढून घेताच चमक मावळली आणि हवा आत सोडताच परत आली. या प्रकाशाला प्राणवायू लागतो, ही गोष्ट त्यातून पुढे उलगडली. १८८० नंतरच्या दशकात फ्रान्सच्या राफाएल दुबुआ याने दाखवून दिले की, प्रकाश देणारा एक पदार्थ आणि त्याला चालना देणारे दुसरे द्रव्य अशी जोडी यामागे असते. त्यांना त्याने ल्युसिफेरिन आणि ल्युसिफेरेज ही नावे दिली. या क्रियेत उष्णता जवळजवळ निघत नाही, म्हणून हा शीतल प्रकाश.

आपल्या पश्चिम किनाऱ्यावर हा प्रकाश देणारा प्रमुख जीव म्हणजे नॉक्टिल्युका. तो एकपेशीय असून मोठ्यात मोठा फार तर खसखशीच्या दाण्याएवढा भरतो. त्याच्या नावाचा अर्थच रात्रीचा दिवा. त्याच्या पेशीत प्रकाशद्रव्याचे अतिसूक्ष्म कण असतात. लाटेचा, माशाचा किंवा वल्ह्याचा धक्का बसला की पेशीच्या आवरणात विजेची लहर धावते, त्या कणांजवळ आम्लता वाढते आणि सेकंदाच्या साधारण दहाव्या भागापुरता निळा प्रकाश चमकतो. एका पेशीचा प्रकाश कितीसा असणार? पण पाण्यात त्या लाखोंनी असतात. म्हणून वल्ह्याच्या एका फटकाऱ्यासरशी पाणी पेटल्यासारखे वाटते. पुन्हा पुन्हा धक्के बसले तर द्रव्य संपते, चमक मंद होते आणि ती भरून यायला वेळ लागतो. शांत पाणी काळेच राहते.

येथे आपल्या तालुक्यातील वाचकाच्या मनात प्रश्न येईल की, आसोलामेंढा, नलेश्वर, घोडाझरी हे इंग्रजी अमदानीतले एवढे मोठे तलाव आपल्या भागात आहेत, गावोगावी मालगुजारी तलाव आणि बोड्या आहेत, ढिवर बांधव रात्री डोंग्यातून जाळी टाकतात, मग त्यांना हा उजेड कसा दिसत नाही? कारण असे की, प्रकाश देणारे हे सूक्ष्म जीव खाऱ्या पाण्यातले आहेत. गोड्या पाण्यात जीवदीप्ती जवळजवळ नाहीच. न्यूझीलंडच्या ओढ्यांतील एक लहानशी गोगलगाय हा प्रसिद्ध अपवाद आहे. आपल्या वाट्याला पाण्यातला उजेड आला नाही, पावसाच्या तोंडावर झाडांवर लुकलुकणारे काजवे तेवढे आले.

कोठे आणि केव्हा

महाराष्ट्राच्या किनाऱ्यावर हा उजेड पावसाळा सरल्यावर आणि हिवाळ्यात अधिक दिसतो. २०२० च्या नोव्हेंबर महिन्यात मुंबईच्या जुहूपासून सिंधुदुर्गातील देवगडपर्यंत निळ्या लाटा दिसल्या आणि वर्तमानपत्रांतून त्यांची छायाचित्रे झळकली. २०१९ च्या ऑगस्टमध्ये चेन्नईच्या किनाऱ्यावर लोकांनी हेच दृश्य पाहिले. केरळात कोचीजवळच्या कुंबळंगी गावच्या खाडीतील या उजेडाला मल्याळी भाषेत ‘कवरू’ असे नावच आहे. २०१९ च्या एका गाजलेल्या चित्रपटात तो दिसला आणि पाहणाऱ्यांची तेथे रीघ लागली.

होडीतून हा उजेड पाहण्याची सोय आपल्या देशात विशेष प्रसिद्ध झाली ती अंदमानात. हॅवलॉक बेटावर कांदळवनाच्या कडेने रात्रीच्या सफरी नेतात. २०१८ च्या अखेरीस या बेटाचे नाव स्वराज द्वीप झाले. अंदमान म्हटले की मराठी माणसाला काळे पाणी आणि सेल्युलर जेल आठवते. ज्या पाण्याच्या नुसत्या नावाने आपल्या आजोबा-पणजोबांच्या पिढीला धडकी भरे, त्याच पाण्यात आज लोक हौसेने काळोख शोधत जातात, हा इतिहासाच्या विद्यार्थ्याने विचार करावा असा पालट आहे.

जगात यासाठी सर्वांत नामांकित जागा म्हणजे कॅरिबियन समुद्रातील प्वेर्तो रिकोजवळच्या व्हिएकेस बेटावरील मॉस्किटो बे. या उपसागराचे तोंड अरुंद आहे, त्यामुळे आतले पाणी सहसा वाहून जात नाही. सभोवती कांदळवन आहे आणि त्याचा पालापाचोळा कुजून सूक्ष्म जीवांना पोषण मिळते. येथील जीव नॉक्टिल्युकाहून वेगळ्या जातीचा आहे. माणसांच्या अंगावरची मलमे आणि डास पळवणारी औषधे पाण्यात मिसळून जीव मरू नयेत म्हणून तेथे पोहण्यास बंदी आहे. २०१७ च्या सप्टेंबरात मारिया चक्रीवादळ आले आणि उपसागर काळोखला. काही महिन्यांनी उजेड हळूहळू परतला.

कयाकच का?

या सफरीत वापरतात त्या होडीला कयाक म्हणतात. ती मूळची उत्तर ध्रुवाकडील इनुइट लोकांची. लाकडाच्या किंवा हाडांच्या सांगाड्यावर सीलचे कातडे ताणून ते ती बनवीत आणि तिच्यातून शिकार करीत. दोन्ही टोकांना पाते असलेल्या वल्ह्याने ती चालवतात. आज ती प्लास्टिकची मिळते. तिला यंत्र नाही, त्यामुळे आवाज नाही आणि तेलाचा तवंगही नाही. ती उथळ पाण्यातून जाते आणि बसणाऱ्याचा हात पाण्याला सहज लागतो. वल्हे मारावे तेवढाच उजेड मिळतो.

जाण्याचे नियमही समजण्यासारखे आहेत. रात्र कृष्ण पक्षातील असावी, कारण चांदण्यात हा मंद प्रकाश लोपतो. डोळ्यांना काळोखाची सवय व्हायला वीस ते तीस मिनिटे लागतात आणि मोबाइलचा पडदा एकदा उघडला की ती सवय मोडते. अंगात तरंगते जाकीट हवे, सोबत भरती-ओहोटी जाणणारा वाटाड्या हवा आणि सर्वांनी एकत्र राहावे.

शोभा की इशारा?

आता मुख्य प्रश्नाकडे येऊ. हा जीव चमकतो तरी कशासाठी? आपल्या करमणुकीसाठी खचित नव्हे. १९४३ साली बर्कनरोड या शास्त्रज्ञाने एक कल्पना मांडली. या सूक्ष्म जीवांना खाणारे लहान प्राणी जवळ आले की धक्क्याने प्रकाश पडतो. त्या प्रकाशात खाणारा प्राणी उघडा पडतो आणि त्याच्यावर टपलेल्या माशाला तो सापडतो. म्हणजे चोर घरात शिरताच घरधन्याने आरडाओरड करून गाव जागे करावे, तसा हा प्रकार. पुढे प्रयोगांतही असे आढळले की, असा प्रकाश असताना मासे त्या लहान प्राण्यांना अधिक सहज पकडतात.

ही कल्पना वाचताना मला आपले जंगल आठवले. वाघ निघाला की वानर झाडावरून खोकल्यासारखा आवाज काढते, चितळ ओरडते, भेकर भुंकते. ताडोब्याला आलेल्या पाहुण्याला हा आवाज ऐकला की आनंद होतो, कारण आता वाघ दिसणार. तेंदूपाने तोडायला किंवा मोह वेचायला गेलेल्या आपल्या आया-बहिणी तोच आवाज ऐकून माघारी फिरतात. २०२५ च्या मे महिन्यात आपल्याच तालुक्यातील मेंढामालच्या तीन स्त्रिया तेंदूपाने तोडताना एकाच दिवशी वाघाच्या हल्ल्यात गेल्या. आवाज एकच, पण एकाला तो पर्वणी वाटतो आणि दुसऱ्याचा जीव त्यावर टांगलेला असतो.

समुद्रातही तसेच आहे. काळोख्या रात्री माशांचा थवा पाणी ढवळतो, त्याच्या उजेडावरून अनुभवी कोळी मासा ओळखतो. तेथे उजेड म्हणजे मिळकत. परंतु नॉक्टिल्युका अतोनात वाढला तर पाण्यातील प्राणवायू घटतो आणि मासे दूर जातात किंवा मरतात. १९३५ साली मद्रासच्या किनाऱ्यावर मासे मेले, त्याचा संबंध गोपाल अय्यर यांनी या जीवाशी जोडला होता. मलबार आणि कानडा किनाऱ्यावरील मासेमारी अचानक का बसते, याचा विचार करताना भीमाचार आणि जॉर्ज यांनी १९५० साली अशाच ‘लाल पाण्या’कडे बोट दाखवले. ज्या रात्री शहरातला पाहुणा टाळ्या वाजवतो, त्याच रात्री एखाद्या कोळ्याचे जाळे रिकामे येत असेल.

अलीकडचा अभ्यास याहून गंभीर आहे. अरबी समुद्राच्या उत्तर भागात हिवाळ्यात हिरव्या नॉक्टिल्युकाचे प्रचंड थर पसरू लागले आहेत. या जातीच्या पोटात हिरवे शैवाल राहते, त्यामुळे ती दुसऱ्याला खाते आणि उन्हावर स्वतःचे अन्नही तयार करते. हेल्गा गोम्स, जोआकिम गोएस आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी २०१४ साली याचा संबंध समुद्रातील घटत्या प्राणवायूशी दाखवला. २०२० साली त्यांनी हिमालयातील बर्फ कमी होण्याशीही तो जोडला. पूर्वी हिमालयावरून येणारे थंड वारे समुद्राचा पृष्ठभाग गार करीत आणि खालचे पोषक पाणी वर येई. ते वारे उबदार आणि दमट झाले, तेव्हा ही घुसळण मंदावली. त्यामुळे माशांचे नेहमीचे सूक्ष्म अन्न मागे पडले आणि नॉक्टिल्युकाचे फावले. त्याला खाणारे मासे थोडे. खाणारे आहेत ते जेलीफिशसारखे प्राणी, आणि त्यांना बाजारात कोण विचारतो?

काळोखाची किंमत

याचा अर्थ असा नव्हे की कोणी हा उजेड पाहायला जाऊ नये. सुंदर वस्तू पाहण्याची इच्छा चांगलीच आहे आणि गावातल्या पोरांना होडी वल्हवून चार पैसे मिळत असतील तर ती गोष्ट आनंदाची. मात्र भंडारदऱ्याच्या परिसरात काजवे पाहायला जमणाऱ्या गर्दीकडे पाहिले म्हणजे धोका कळतो. काजवे प्रकाशाने जोडीदाराला बोलावतात. मोटारींच्या दिव्यांत ही हाक हरवते आणि गवतातल्या माद्या पायांखाली सापडतात. ज्या काळोखासाठी माणसे जातात, तोच ती मोडून येतात.

आपल्या खेड्यांत काळोख फुकट आहे, पण तो निर्धास्त नाही. धानाच्या बांधीवर रात्री राखणीला जाणाऱ्या माणसाला कोणी ‘काळोखाचा अनुभव’ विकत देऊ केला तर तो हसेल. काळोखाचे सुख ज्याला घरी सुखरूप परतण्याची खात्री आहे त्यालाच घेता येते. म्हणून मला वाटते, अशा प्रवासाला निघणाऱ्याने आधी त्या जागी राहणाऱ्याला विचारावे की, हा उजेड तुमच्यासाठी काय सांगतो? उत्तर ऐकल्यानंतर पाहिलेले दृश्य कमी सुंदर होणार नाही, पण ते पुरते दिसेल.

आपल्या भूगोल विभागाची सहल कधी कोकणात निघाली तर एक सूचना मांडते. पंचांग पाहून कार्तिक किंवा मार्गशीर्षातील अमावास्येजवळचा दिवस निवडावा. दुपारी बंदरावर जाऊन कोळी बंधूंशी बोलावे, यंदा मासा कसा आहे ते वहीत लिहून घ्यावे. मग रात्री दिवे विझवून पाण्याजवळ बसावे. उजेड दिसलाच तर उत्तम. नाही दिसला, तरी वहीत लिहिलेले बरोबर येईल आणि समुद्र न पाहिलेल्या आमच्यासारख्या अनेकांचा तो पहिला समुद्र असेल.