गाझाच्या वाटेवरचा एकटा प्रवासी

वाचन : प्रेषितांची कृत्ये ८:२६-४०



यरुशलेमहून गाझाकडे जाणारी वाट निर्जन होती, असे संत लूक मुद्दाम नमूद करतो. त्या वाटेवर इथिओपियाच्या राणीचा खजिनदार रथात बसून यशया वाचीत होता. वाचलेले समजावून सांगायला शेजारी कोणी नव्हते. पवित्र आत्मा फिलिपला लगेच उपदेश करायला सांगत नाही. आधी त्या रथाजवळ जाऊन सोबत राहायला सांगतो. फिलिप धावतच जातो.

आपल्या खानदेशातही अशा वाटा आहेत. नागपूर-सुरत महामार्ग जळगाव, एरंडोल, पारोळा करीत धुळ्याला येतो आणि तेथे त्याला मुंबई-आग्रा रस्ता भेटतो. रावेर-यावलची केळी ट्रकांतून थेट उत्तर भारतात जातात. माल नाशवंत, त्यामुळे वाटेत रेंगाळायला सवड नाही. पूर्वी ड्रायव्हरच्या शेजारी क्लीनर असे. टायर ठोकून बघणे, गाडी मागे घेताना आवाज देणे ही त्याची कामे. पण रात्री दोन वाजता ड्रायव्हरशी बोलत राहणे हे त्याहून मोठे काम, त्याचा पगार कोणी धरलाच नाही! आता बऱ्याच गाड्यांवर माणूस एकटाच असतो. नॅशनल परमिटच्या गाडीवर दोन चालक हवेत ही सक्तीही २०१८ मध्ये उठली. चौपदरी रस्ता गावाबाहेरून गेला की ओळखीची चहाची टपरीसुद्धा सुटते.

२०२५ पर्यंत १९६१ चा मोटार परिवहन कामगार कायदा होता. दिवसाला आठ तास काम, सलग पाच तासांनंतर किमान अर्धा तास विश्रांती. पण तो पाच किंवा अधिक कामगार असलेल्या व्यवसायालाच लागू होता. कर्ज काढून स्वतःचाच ट्रक चालवणाऱ्याचे तास कोण मोजणार?

व्हॅटिकनने २००७ मध्ये रस्त्यावरील प्रेषितकार्याविषयी मार्गदर्शिका काढली. वर्तमानपत्रांत गाजल्या त्या तिच्यातील चालकांसाठीच्या दहा आज्ञा. आम्हाला मात्र वाटते, आज्ञांच्या आधी रथाजवळ जाणे येते.

ज्यांच्या घरचा माणूस गाडीवर आहे त्यांनी त्याच्या थांबण्याची वेळ विचारून घ्यावी व तेव्हाच फोन करावा. गाडी चालू असताना नको. आणि फोनवर "कुठे पोहोचलात?" एवढेच विचारून ठेवू नये. जेवण काय झाले, मुलाने शाळेत काय केले, शेजारी कोणाचे लग्न ठरले, हेही त्याला ऐकायचे असते. मिस्सानंतर आपण इतरांनीही त्या घरच्यांना विचारावे, तो आज कोणत्या रस्त्यावर आहे.