बोरोदिनोची लढाई

रशिया देशात बोरोदिनो नावाचे एक खेडे आहे. मॉस्को शहर तिथून सुमारे १२५ किलोमीटर. या खेड्याच्या शिवारात ७ सप्टेंबर १८१२ रोजी फार मोठी लढाई झाली.

नेपोलियन हा फ्रान्सचा बादशहा. त्या साली जून महिन्यात तो चार लाखांवर फौज घेऊन रशियात शिरला. त्याला वाटले, एक मोठी लढाई मारली की रशियाचा राजा, म्हणजे झार, शरण येईल. पण रशियन फौज लढेचना! ती मागे मागे सरत गेली. जाताना धान्याची कोठारे आणि चारा जाळू लागली. फौज कितीही मोठी असो, घोड्याला वैरण लागतेच. नेपोलियनची हजारो घोडी वाटेतच मेली.

इकडे रशियन लोक चिडले. न लढता मुलूख सोडायचा म्हणजे काय? मग झारने सेनापती बदलला. नवा सेनापती कुतुझोव्ह. साठी उलटलेला, एका डोळ्याने अधू. त्याने बोरोदिनोला पाय रोवले.

सकाळी सहाच्या सुमारास तोफा सुरू झाल्या. दोन्हीकडच्या मिळून हजारावर तोफा. रशियनांनी मातीचे बुरूज रचले होते. ते एकाने घ्यावेत, दुसऱ्याने परत घ्यावेत, असे चालले. दिवस मावळेपर्यंत सुमारे ७०,००० माणसे मेली किंवा जखमी झाली. पाचशे वस्तीची एकशे चाळीस गावे डोळ्यांपुढे आणा, म्हणजे कल्पना येईल.

आता तुम्ही म्हणाल, मग जिंकले कोण? नेपोलियनने बुरूज घेतले खरे. पण रशियन फौज मोडली नाही. रातोरात ती शिस्तीने मागे गेली. कुतुझोव्हने मॉस्कोसुद्धा सोडले, पण फौज राखली. तिला घरची नवी माणसे, घोडी, दाणागोटा मिळत राहिला. नेपोलियनचे घर मात्र शेकडो कोस लांब.

१४ सप्टेंबरला तो मॉस्कोत शिरला. शहर जवळजवळ ओस. लगेच आगी लागल्या आणि बरेचसे शहर जळाले. झार तह करील म्हणून तो पाच आठवडे थांबला. झारने उत्तरच दिले नाही. १९ ऑक्टोबरला तो माघारी निघाला. दुसऱ्या, न लुटलेल्या वाटेने जावे असा त्याचा बेत होता. कुतुझोव्हच्या फौजेने ती वाट अडवली. तेव्हा आल्या त्याच उजाड वाटेने जाणे भाग पडले.

वाटेत बोरोदिनो लागले. पन्नास दिवस उलटले होते, तरी प्रेते तशीच उघड्यावर पडली होती. कडाक्याची थंडी अजून पुढेच होती.